स्पॅनिश वाक्यविचाराची वाट: एका ‘आ’पासून सुरुवात

स्पॅनिश मध्यम पातळीपर्यंत शिकून झाली, आता तिच्या व्याकरणामागचे सिद्धांत वाचायचे आहेत, असं ज्यांना वाटतं त्यांच्यासाठी हा लेख आहे. भाषाविज्ञानाची पार्श्वभूमी नसली तरी चालेल. शाळेतलं मराठी व्याकरण, म्हणजे कर्ता, कर्म, विभक्ती आणि तीन प्रयोग, थोडंफार आठवत असलं की पुरे.

बहुतेक नवखे वाचक सिद्धांतांच्या नावांपासून सुरुवात करतात. संरचनावाद, जनरेटिव्ह व्याकरण, कॉग्निटिव्ह भाषाविज्ञान अशी यादी करायची आणि प्रत्येकावर एकेक पुस्तक वाचायचं. परिभाषा पाठ होते, पण समोर वाक्य आलं की काय करायचं ते सुचत नाही. माझा आग्रह उलट्या क्रमाचा आहे. एकच रचना पकडा, तिची वाक्यं गोळा करा, आणि मग प्रत्येक पंथाला त्याच वाक्यांबद्दल विचारा. कोणता सिद्धांत कशासाठी जन्माला आला आणि कुठे अडतो, हे असंच कळतं. मराठी माणसासाठी त्यातली सर्वांत सोयीची रचना म्हणजे कर्माआधी येणारा छोटासा ‘आ’.

पायरी 1: वाक्यं समोर मांडा

स्पॅनिश वाक्यं मी उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहितो आहे. ‘ब’ आणि ‘व्ह’ ही अक्षरं स्पॅनिशमध्ये वेगळी असली तरी उच्चार एकच, म्हणून दोन्हींसाठी ‘ब’.

बी ला कासा. घर पाहिलं.
बी आ ला नीन्या. मुलीला पाहिलं.

घराला ‘आ’ नाही, मुलीला आहे. क्रियापद तेच, काळ तोच. पाठ्यपुस्तकात याला ‘व्यक्तिवाचक आ’ म्हणतात आणि नियम देतात की कर्म माणूस असेल तर ‘आ’ लावा. मराठी विद्यार्थ्याला नियमाची गरजही भासत नाही, कारण आपला ‘-ला’ जवळजवळ हेच काम करतो. घर पाहिलं, पण मुलीला पाहिलं. शिवाय दोन्ही भाषांत हेच चिन्ह ‘मुलीला पुस्तक दिलं’ या वाक्यातल्या अप्रत्यक्ष कर्मालाही लागतं. आता पुढची जोडी पाहा.

बूस्को ऊन मेदिको. डॉक्टर शोधतोय.
बूस्को आ ऊन मेदिको. एका डॉक्टरला शोधतोय.

डॉक्टर दोन्हीकडे माणूसच आहे. पहिल्या वाक्यात कोणीही डॉक्टर चालेल, दुसऱ्यात सहसा एक ठरावीक डॉक्टर मनात आहे. म्हणजे ‘माणूस असेल तर’ हा नियम अपुरा पडला. त्याच्याही पुढे ‘बूस्को नोबिआ’ असं वाक्य आहे: प्रेयसी किंवा नवरी हवी आहे. इथे ‘आ’ येऊच शकत नाही. मराठीतही लग्नासाठी ‘मुलगी बघायला’ जातात, आणि ‘मुलीला बघायला’ गेलो म्हटलं तर ती आजारी असेल किंवा वसतिगृहात असेल. एकीकडे भूमिका आहे, दुसरीकडे व्यक्ती.

इथवर ‘विशिष्ट माणूस’ असं उत्तर तयार होतं. मग हे वाक्य घ्या: नो बी आ नादिए, म्हणजे कोणालाही पाहिलं नाही. ‘कोणीही नाही’पेक्षा कमी विशिष्ट काय असणार? तरी ‘आ’ सक्तीचा आहे, आणि मराठीतला ‘-ला’सुद्धा. उलट ‘तेन्गो ऊन एर्मानो’, मला एक भाऊ आहे, यात भाऊ खराखुरा, एकमेव असला तरी ‘आ’ नाही. मात्र ‘तेन्गो आ मि एर्मानो एन एल ओस्पिताल’, माझा भाऊ हॉस्पिटलात आहे, यात तो परत येतो. शेवटी ‘एल इन्बिएर्नो सीगे आल ओतोन्यो’, शरदामागून हिवाळा येतो. यात शरद ऋतू माणूस नाही, सजीवही नाही, तरी ‘आ’ आहे (‘आ एल’ मिळून ‘आल’ होतं).

एवढी वाक्यं वहीत एका पानावर उतरवा. पुढचा प्रत्येक सिद्धांत या पानावर ठेवून तपासायचा आहे.

पायरी 2: चाचण्या शिका

वाक्यविचारात ‘मला वाटतं’ चालत नाही. हे कर्मच आहे हे दाखवून द्यावं लागतं. ‘आ’ दोन्ही प्रकारच्या कर्मांना लागत असल्यामुळे तर जास्तच.

पहिली चाचणी सर्वनामाची. ‘बी आ ला नीन्या’ची जागा ‘ला बी’ घेतं, तर ‘दी ऊन लीब्रो आ ला नीन्या’, मुलीला पुस्तक दिलं, यातल्या मुलीची जागा ‘ले’ घेतं: ले दी ऊन लीब्रो. लो, ला, लोस, लास आलं की प्रत्यक्ष कर्म, ले किंवा लेस आलं की अप्रत्यक्ष. दुसरी चाचणी कर्मणी रचनेची. ‘ला नीन्या फ्वे बिस्ता’, मुलगी पाहिली गेली, हे चालतं. ‘ला नीन्या फ्वे दादा ऊन लीब्रो’ हे कुठल्याही स्पॅनिश भाषकाला चालणार नाही. त्यावरून पहिली मुलगी प्रत्यक्ष कर्म आणि दुसरी अप्रत्यक्ष.

चाचण्यांनाही मर्यादा असतात. माद्रिद आणि आसपासच्या कास्तिलमध्ये पुरुषासाठी ‘लो बी’ऐवजी ‘ले बी’ म्हणतात. याला ‘लेइस्मो’ म्हणतात आणि एकवचनी पुरुषापुरता तो स्पॅनिश भाषेचे नियम सांगणाऱ्या अकादमीने मान्यही केला आहे. तिथल्या माणसाकडून उदाहरण घेतलं तर पहिली चाचणी फसते, म्हणून एका चाचणीवर कधीच विसंबू नका.

चिन्हंही लगेच शिकून घ्या. वाक्य रचनेनेच चुकलं तर आधी तारा (*), शंकास्पद असेल तर प्रश्नचिन्ह, आणि रचना ठीक पण तो अर्थ निघत नसेल तर #. मराठी वाक्यांवर ही चिन्हं लावायचा सराव करा. तिथे तुमचा कान भरवशाचा आहे.

पायरी 3: जुनी व्याकरणं, पण निवडून

आन्तोनिओ दे नेब्रीखाचं कास्तिलियन भाषेचं व्याकरण 1492 चं. त्याचं ऐतिहासिक महत्त्व मोठं, पण वाक्यविचारासाठी तुम्हाला तिथे थांबायची गरज नाही. स्पॅनिश अकादमी 1713 मध्ये स्थापन झाली, तिचं पहिलं व्याकरण 1771 मध्ये आलं. तेही पुढे जाऊ द्या.

थांबायचं ते आन्द्रेस बेयोपाशी. काराकासमध्ये जन्मलेल्या या माणसाने 1847 मध्ये सान्तिआगो दे चिले इथे ‘अमेरिकेतल्या लोकांच्या वापरासाठी’ असं शीर्षकातच सांगून व्याकरण प्रसिद्ध केलं. स्पॅनिशला लॅटिनच्या साच्यात कोंबायचं नाही, तिची व्यवस्था तिच्यातूनच शोधायची, हा त्याचा हट्ट आजही ताजा वाटतो. काळांची त्याने दिलेली नावं पाहा. साधा भूतकाळ ‘प्रेतेरितो’, आणि ‘पाऊस पडत होता’मधला काळ ‘कोप्रेतेरितो’, म्हणजे भूतकाळातल्या दुसऱ्या एका घटनेच्या बरोबरीने चाललेला. ‘क्वान्दो येगास्ते, योबिआ’, तू आलास तेव्हा पाऊस पडत होता. पाऊस कधी सुरू झाला, कधी थांबला, याचा पत्ता नाही; तो येण्याच्या क्षणाला जोडलेला आहे. काळ म्हणजे बोलण्याचा क्षण, घटना आणि मधला एखादा संदर्भबिंदू यांचं नातं, ही कल्पना हान्स रायखेनबाख यांनी 1947 मध्ये मांडली म्हणून प्रसिद्ध आहे. बेयोने तिच्या अगदी जवळची मांडणी शंभर वर्षं आधी केली होती. मेक्सिकोच्या शाळांत बेयोची ही नावं अजून चालतात.

कोलंबियाचे रुफीनो खोसे क्वेर्बो यांनी बेयोच्या व्याकरणावर टिपा लिहिल्या आणि 1886 मध्ये एका अजस्र कोशाचा पहिला खंड काढला. कोणता शब्द कोणत्या रचनेत येतो, कोणत्या क्रियापदाला कोणता जोडशब्द (नामाआधी येणारा ‘आ’, ‘एन’ यांसारखा छोटा शब्द) लागतो, याचा हा कोश. त्यांच्या हयातीत दोनच खंड निघाले. बोगोताच्या कारो इ क्वेर्बो संस्थेने तो 1994 मध्ये पूर्ण केला. एखादं क्रियापद ‘आ’ का मागतं हे पाहायचं असेल तर तिथे शतकानुशतकांची उदाहरणं मिळतात.

पायरी 4: आलार्कोस आणि कार्यवादी मांडणी

स्पेनमध्ये विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात विद्यापीठांतून सर्वांत जास्त शिकवलं गेलं ते एमिलिओ आलार्कोस योराक यांचं व्याकरण. 1951 च्या पुस्तकात त्यांनी कोपनहेगनच्या येल्मस्लेव यांचा संरचनावाद, म्हणजे भाषेतल्या घटकांची ओळख त्यांच्या परस्परसंबंधांवरून ठरवणारा विचार, स्पॅनिशला लावला. पुढे त्यांनी वाक्यातल्या कार्यांना नवी नावं दिली: प्रत्यक्ष कर्म ‘इम्प्लेमेन्तो’, अप्रत्यक्ष कर्म ‘कोम्प्लेमेन्तो’, क्रियापदाने ठरवून दिलेल्या जोडशब्दासह येणारं ‘सुप्लेमेन्तो’, आणि मोकळेपणाने जोडता येणारं स्थळ-काळ वगैरे ‘आदितामेन्तो’. नावं विचित्र वाटतील, पण त्यामागची शिस्त कामाची आहे. अर्थाकडे न बघता, कोणतं सर्वनाम जागा घेतं आणि काय गाळता येतं एवढ्यावर कार्य ठरवायचं. दुसऱ्या पायरीतली पहिली चाचणी हीच शिस्त आहे.

‘पिएन्सो एन ति’, तुझा विचार करतो, यातला ‘एन ति’ हे सुप्लेमेन्तोचं नेहमीचं उदाहरण. ‘एन’चा एरवीचा अर्थ ‘मध्ये’, पण इथे तो क्रियापदाने लादलेला आहे, बदलता येत नाही. जुनी व्याकरणं अशा घटकांना स्थळवाचकांच्या गठ्ठ्यात टाकायची. त्यांना वेगळी ओळख मिळवून देणं हे या पंथाचं ठोस काम, आणि आज अकादमीही हा घटक स्वतंत्र मानते.

‘आ’च्या पानावर मात्र हा पंथ लवकर गप्प होतो. ‘बूस्को ऊन मेदिको’ आणि ‘बूस्को आ ऊन मेदिको’, दोन्हीकडे इम्प्लेमेन्तोच. फरक कशाचा, याचं उत्तर केवळ कार्याच्या नावांत सापडत नाही.

पायरी 5: जनरेटिव्ह व्याकरण, एका प्रश्नाच्या अंगाने

जनरेटिव्ह व्याकरण म्हणजे भाषकाच्या मनात वाक्यं घडवणारे नियम शोधणारी, भाषावैज्ञानिक नोम चॉम्स्कीची परंपरा. तिच्यात स्पॅनिशवर प्रचंड लिहिलं गेलं आहे. वाक्याची रचना दाखवणाऱ्या वृक्षाकृत्या पाहून घाबरू नका. त्या काढण्याआधी प्रश्न समजून घ्या.

एक प्रश्न कर्त्याचा. ‘आब्लो’ म्हटलं की ‘मी बोलतो’ एवढं कळतं, सर्वनाम लागत नाही. ‘आलो’, ‘जातेस का?’ म्हणणाऱ्याला यात नवल वाटणार नाही, पण इंग्रजी-फ्रेंचमध्ये असं चालत नाही. डेव्हिड पर्लमटर यांनी 1971 मध्ये हा फरक नेमका मांडला आणि पुढच्या दशकात त्यातून ‘रिक्त कर्ता’ नावाचा मोठा विषय उभा राहिला: कर्ता गाळता येणं, कर्ता क्रियापदानंतर येऊ शकणं, असे गुण एकत्र का नांदतात?

आपल्या पानासाठी जास्त रसाळ प्रश्न दुहेरी कर्माचा आहे. ब्वेनोस आइरेसमध्ये ‘लो बी आ ख्वान’ म्हणतात. ‘लो’ हे सर्वनाम आणि ‘आ ख्वान’ हे पूर्ण कर्म, दोन्ही एकाच वाक्यात. माद्रिदमध्ये साधं ‘बी आ ख्वान’. मग ‘ला बी ला कासा’ का चालत नाही? रिचर्ड केन यांच्या नावाने ओळखलं जाणारं आणि ओस्वाल्दो येग्ली यांच्या 1982 च्या पुस्तकाने रुजवलेलं उत्तर असं: प्रत्येक नामाला विभक्ती हवी, आणि क्रियापदाकडे कर्माला द्यायला एकच विभक्ती असते. ती ‘लो’ने घेतली, तर ‘ख्वान’ला दुसरीकडून मिळायला हवी. ‘आ’ ती देतो. घराला ‘आ’ नाही म्हणून त्याला विभक्तीही मिळत नाही, आणि वाक्य कोसळतं. इथे विभक्ती म्हणजे दिसणारा प्रत्यय नसून नामाला वाक्यात मिळालेली जागा, हे ध्यानात ठेवा.

उत्तर देखणं आहे. ते किती टिकतं हे 1988 मध्ये मार्गारीता सुन्येर यांनी तपासलं. ब्वेनोस आइरेसच्या बोलीत ‘लो बोय आ कोम्प्रार एल दिआरिओ’, वर्तमानपत्र विकत घेणार आहे, यासारखी वाक्यं ऐकू येतात. वर्तमानपत्राला ‘आ’ नाही, तरी ‘लो’ आहे. (‘बोय आ’मधला ‘आ’ भविष्यकाळाचा, कर्माचा नव्हे.) सुन्येर यांच्या मते ‘लो’ हे कर्माशी होणारं एक प्रकारचं जुळणं आहे, आणि ते कर्म विशिष्ट असेल तेव्हा होतं. एका शहराच्या बोलण्याने एक सुबक नियम मागे हटवला. नव्या माणसाने या परंपरेत वाचायला सुरुवात करायची तर याच दोन मांडण्या शेजारी ठेवून वाचाव्यात, असं मी सुचवेन. प्रतिपादन कसं उभं करतात आणि कसं पाडतात, दोन्ही एकाच वेळी दिसतं.

पायरी 6: अर्थाकडे वळा

आता पुन्हा डॉक्टर.

बूस्को ऊन मेदिको के आब्ले माराती.
बूस्को आ ऊन मेदिको के आब्ला माराती.

पहिल्यात ‘आब्ले’ सबजंक्टिव्ह, दुसऱ्यात ‘आब्ला’ साधा वर्तमान. ‘मराठी बोलत असेल असा डॉक्टर शोधतोय’ आणि ‘मराठी बोलणाऱ्या एका डॉक्टरला शोधतोय’. पहिला डॉक्टर कदाचित अस्तित्वातच नसेल, दुसरा नक्की आहे, फक्त सापडत नाहीये. मराठीत ‘असेल’ आणि ‘-ला’ मिळून जे सांगतात तेच इथे क्रियापदाचं रूप आणि ‘आ’ मिळून सांगतात. अर्थविचारात याला विशिष्टतेचा प्रश्न म्हणतात, आणि स्पॅनिश त्यासाठी जगभरच्या अभ्यासकांची आवडती भाषा आहे, कारण हा अर्थ तिच्या व्याकरणात डोळ्यांना दिसतो.

मग ‘आ’चा अर्थ ‘विशिष्ट’ असा धरायचा का? तिसरं वाक्य करून पाहा: बूस्को आ ऊन मेदिको के आब्ले माराती. ‘आ’ आहे आणि सबजंक्टिव्हही आहे, तरी वाक्य चालतं, आणि अर्थ ‘कोणीही’ असाच राहतो. शिवाय आपल्या पानावर ‘आ नादिए’ आहेच. मानुएल लेओनेत्ती यांनी 2004 मध्ये हाच मुद्दा नीट मांडला: विशिष्टता हा ‘आ’चा थेट अर्थ नाही, ती त्याच्यासोबत अनेकदा येते, एवढंच. मला हे पटतं, आणि मराठीच्या ‘कोणालाही’मुळे जास्तच पटतं.

अर्थविचाराची दुसरी सवय इथेच लावून घ्या: सोप्या सूत्राला प्रतिउदाहरण शोधायची. ‘सेर कायमचं, एस्तार तात्पुरतं’ हे क्लासमध्ये सगळ्यांनी ऐकलेलं असतं. ‘एस्ता मुएर्तो’, तो मेला आहे, हे वाक्य ‘एस्तार’ने होतं, आणि मृत्यूहून कायमचं काही नाही. ‘पार्टी बागेत आहे’ यात ‘सेर’ लागतं, कारण पार्टी ही घटना. ‘पुस्तक टेबलावर आहे’ यात ‘एस्तार’, कारण पुस्तक ही वस्तू. सूत्राऐवजी इथे स्थिती आणि गुणधर्म, घटना आणि वस्तू असे भेद कामाला येतात. 1977 मध्ये ग्रेग कार्लसन यांनी इंग्रजीसाठी मांडलेला व्यक्तीचा गुण आणि व्यक्तीची अवस्था हा भेद स्पॅनिशच्या अभ्यासकांनी उचलला तो याच कारणाने. त्यानेही सगळं सुटलेलं नाही.

पायरी 7: ‘से’ आणि आपले प्रयोग

ही पायरी सावकाश चढा. मराठी वाचकाचा खरा लाभ इथे आहे.

से बूस्कान तेस्तीगोस. साक्षीदार शोधताहेत, म्हणजे साक्षीदार हवे आहेत.
से बूस्का आ लोस तेस्तीगोस. त्या साक्षीदारांना शोधताहेत.

पहिल्या वाक्यात क्रियापद अनेकवचनी, ‘बूस्कान’, साक्षीदारांशी जुळलेलं. दुसऱ्यात साक्षीदार तितकेच अनेक, पण त्यांना ‘आ’ लागला आणि क्रियापद एकवचनी झालं, ‘बूस्का’. स्पॅनिश व्याकरणात पहिल्याला ‘से’ची कर्मणी रचना म्हणतात आणि दुसऱ्याला अकर्तृक. परदेशी विद्यार्थी हा भेद घोकतात.

आता मराठी: ‘पोलिसांनी साक्षीदार शोधले’ आणि ‘पोलिसांनी साक्षीदारांना शोधलं’. पहिल्यात क्रियापद कर्माशी जुळलेलं, म्हणजे कर्मणी प्रयोग. दुसऱ्यात कर्माला प्रत्यय लागताच जुळणं तुटलं आणि क्रियापद नपुंसकलिंगी एकवचनात गेलं, म्हणजे भावे प्रयोग. शाळेत ‘रामाने रावणाला मारले’ म्हणून शिकलो तोच. दोन्ही भाषांत तत्त्व एकच दिसतं: कर्मावर खूण बसली की क्रियापद त्याच्याशी जुळू शकत नाही.

साम्य ताणू नका. मराठीत ‘पोलिसांनी’ असा कर्ता हजर असतो आणि असे प्रयोग मुख्यतः भूतकाळात दिसतात. स्पॅनिशमध्ये कर्ता अनामच राहतो आणि रचना कुठल्याही काळात चालते. पण एखाद्या जनरेटिव्ह लेखात ‘आ’ जुळणं अडवतो असं वाचलं, की ती कल्पना तुम्हाला परकी वाटणार नाही.

‘से’ची आणखीही रूपं आहेत. ‘आकी से बीबे बिएन’, इथे राहणं सुखाचं आहे, यात कर्मच नाही. ‘से मे कायो एल बासो’, माझ्या हातून पेला पडला, यात दोष अंगावर न घेता घटना सांगितली जाते. मेक्सिकोच्या रिकार्दो माल्दोनादो यांनी कॉग्निटिव्ह व्याकरणाच्या चौकटीत अशा ‘से’चा सखोल अभ्यास केला. त्यांची दृष्टी घटनेच्या मध्यबिंदूवर असते: कारण मागे सारायचं आणि बदलाचा क्षण पुढे आणायचा. जनरेटिव्ह अभ्यासक जिथे रिकाम्या जागा आणि विभक्ती बघतात, तिथे कॉग्निटिव्ह अभ्यासक घटनेकडे बघायची नजर बघतात. ‘पेला पडला’साठी मला दुसरी रीत जास्त उजेड देणारी वाटते, आणि ‘बूस्का’च्या एकवचनासाठी पहिली.

पायरी 8: स्पॅनिश एकटी नाही

‘आ’ची गोष्ट जगात एकाकी नाही, हे दाखवलं गेओर्ग बोसोंग यांनी. काही कर्मांवर खूण आणि काहींवर नाही, ही व्यवस्था अनेक असंबद्ध भाषांत आढळते, आणि 1980 च्या दशकात त्यांनी तिला कर्माचं विभेदी चिन्हांकन असं नाव दिलं. जुडिथ आइसेन यांनी 2003 मध्ये त्याला दोन शिड्यांचा आधार दिला: एक सजीवतेची (माणूस, प्राणी, वस्तू), दुसरी निश्चिततेची (सर्वनाम, विशेषनाम, निश्चित नाम, अनिश्चित नाम). कर्म शिडीवर जितकं वर, तितकी खूण लागण्याची शक्यता जास्त. कारण वरच्या पायरीवरची माणसं एरवी कर्ता असतात. ती कर्म झाली की ऐकणाऱ्याला सांगावं लागतं. प्रत्येक भाषा शिडीवर आपापली रेघ मारते, आणि स्पॅनिशची रेघ शतकानुशतकं खाली सरकत आली आहे. ‘मिओ सिद’च्या मध्ययुगीन महाकाव्यातही माणसांच्या विशेषनामांना ‘आ’ नेमाने लागतो, सामान्य नामांना कधी लागतो कधी नाही.

‘मे गुस्ता’ही इथेच बसतं. ‘आ ख्वान ले गुस्तान लोस पेर्रोस’, ख्वानला कुत्री आवडतात. क्रियापद कुत्र्यांशी जुळतं, माणूस चतुर्थीसारख्या रूपात आणि वाक्याच्या तोंडाशी. मग कर्ता कोण, ख्वान की कुत्री? दक्षिण आशियाई भाषांतल्या अशा ‘मला’ रचनांवर 1990 मध्ये मणींद्र वर्मा आणि के. पी. मोहनन यांनी संपादित केलेला लेखसंग्रह आहे. त्यातले युक्तिवाद वाचून ते स्पॅनिशला लावून पाहणं हा उत्तम अभ्यास आहे.

लिओनार्ड टाल्मी यांचं 1985 चं बाटलीचं वाक्यही विसरू नका: ला बोतेया एन्त्रो आ ला क्वेबा फ्लोतान्दो, बाटली तरंगत गुहेत शिरली. दिशा क्रियापदात (‘शिरली’), रीत बाजूला (‘तरंगत’). इंग्रजी उलट करते. मराठी इथे स्पॅनिशच्या बाजूला उभी राहते, म्हणून गतीची वर्णनं लिहिताना इंग्रजीतून विचार करू नका.

पायरी 9: कोणाची स्पॅनिश?

प्रत्येक उदाहरणाशेजारी देश लिहा. कॅरिबियनमध्ये ‘के तू किएरेस?’, तुला काय हवंय, असं कर्ता आधी ठेवून विचारतात. माद्रिदमध्ये ‘के किएरेस तू?’ किंवा नुसतं ‘के किएरेस?’ एस्तेर तोर्रेगो यांचा प्रश्नवाक्यांतल्या उलट्या क्रमावरचा 1984 चा लेख दुसऱ्या प्रकारच्या भाषकांना लागू पडतो, पहिल्यांना तसाच नाही. भाषकाला विचारताना ‘हे बरोबर आहे का?’ असं विचारू नका, तो शाळेतला नियम सांगेल. ‘हे तू कधी, कोणाला म्हणशील?’ असं विचारा.

पायरी 10: साधनं आणि पहिला स्वाध्याय

अकादमीचं 2009 चं ‘नवं व्याकरण’, इग्नासिओ बोस्के यांच्या देखरेखीखालचं, अकादमीच्या संकेतस्थळावर मोफत वाचता येतं. प्रत्यक्ष कर्मासाठी 34 वं प्रकरण, कर्तरी-कर्मणी आणि ‘से’साठी 41 वं, सबजंक्टिव्हसाठी 25 वं. सलग वाचायचं पुस्तक नव्हे ते, प्रश्न घेऊन जायचं आहे. बोस्के आणि बिओलेता देमोन्ते यांनी 1999 मध्ये संपादित केलेलं तीन खंडांचं वर्णनात्मक व्याकरण 5000 पानांहून मोठं आहे. ग्रंथालयात मिळालं तर त्यातलं तोर्रेगो यांचं ‘आ’वरचं प्रकरण आधी वाचा. वृक्षाकृत्या आणि युक्तिवादाची शिस्त शिकायला बोस्के आणि खाविएर गुतिएर्रेस-रेक्साच यांचं 2009 चं रचनात्मक वाक्यविचाराचं पाठ्यपुस्तक मला सर्वांत विश्वासू वाटतं. अर्थविचारासाठी बिक्तोरिआ एस्कान्देल बिदाल यांचं 2004 चं. परिभाषेत अडलात तर अकादमीचा 2019 चा व्याकरण-परिभाषा कोश आहे.

खऱ्या वापरातली वाक्यं अकादमीच्या ‘कोर्पेस’ या एकविसाव्या शतकाच्या संग्रहात शोधा. तो मोफत आहे आणि देशानुसार गाळता येतो. जुन्या काळासाठी ‘कोर्दे’.

पहिला स्वाध्याय ‘बूस्कार’ या एकाच क्रियापदाचा करा. त्याच्यानंतर ‘ऊन’ किंवा ‘ऊना’ आणि माणूसवाचक नाम येणारी पन्नासेक वाक्यं ‘कोर्पेस’मधून काढा. प्रत्येकासाठी रकाने: ‘आ’ आहे की नाही, पुढच्या उपवाक्यात सबजंक्टिव्ह आहे की साधं रूप, देश, आणि शेवटच्या रकान्यात तेच वाक्य सहज मराठीत, ‘-ला’ आलं तर त्याखाली रेघ. मग ‘आ’ आणि ‘-ला’ जिथे एकमेकांना सोडून जातात ती वाक्यं वेगळ्या पानावर घ्या आणि प्रत्येकासमोर लिहा की केन, सुन्येर, लेओनेत्ती आणि आइसेन यांच्यापैकी कोणाच्या मांडणीतून तो फरक अपेक्षित होता. ज्या वाक्यांसमोर एकही नाव लिहिता येणार नाही, ती घेऊन 34 वं प्रकरण उघडा.